मनात आले, हातून घडले नाही : खाडीकाठच्या एका बाळंतिणीचे प्रकरण

माहेरच्या पडवीत भावाने नारळ सोलून कोयती भिंतीला टेकवून ठेवली होती, आणि अठरा दिवसांच्या मुलाला मांडीवर घेऊन बसलेल्या चोवीस वर्षांच्या बाईची नजर तिच्यावर गेली. त्याच क्षणी तिच्या मनात असे चित्र उमटले की कोयती आपल्या हातात आहे आणि समोर आपलेच मूल आहे. चित्र क्षणभरच टिकले. तिने मूल आईकडे दिले, आत जाऊन देवापुढे बसली आणि त्या दिवशी ती जेवली नाही. त्यानंतर तिच्या घरात जे काही घडले ते सगळे या एका क्षणातून निघाले. परंतु त्या क्षणी काय झाले होते, हे घरातल्या कोणालाही अडीच महिने कळले नाही.

हे प्रकरण कोण्या एका बाईचे नाही. कोकणपट्टीतील ओळखीची घरे, तिथल्या चालीरीती आणि वैद्यकशास्त्राला नीट ठाऊक असलेला एक आजार यांच्या आधारे मी ते रचले आहे, कारण अशा बाईची ओळख पटण्याची पुसटशी शक्यताही मला नको होती. निषिद्ध मानल्या जाणाऱ्या मानवी वर्तनाबद्दल मी विज्ञानलेखन करते, तेव्हा वाचक बहुधा भयंकर कृत्यांच्या कथांची अपेक्षा ठेवतात. प्रत्यक्षात या विषयाचा फार मोठा भाग कृत्यांचा नसून कधीच कृत्य न झालेल्या विचारांचा आहे, आणि त्या विचारांनी माणसांचे जे हाल होतात त्यांची नोंद कुठेच होत नाही. आईने आपल्या तान्ह्या मुलाला इजा करण्याचा विचार हा त्यांतला सर्वांत अबोल प्रकार आहे.

विजयदुर्गची खाडी, जिला वाघोटणची खाडी असेही म्हणतात, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या दोन जिल्ह्यांची सीमा आहे. या बाईचे माहेर खाडीच्या उत्तरेला आणि सासर दक्षिणेला होते. नवरा मुंबईत नोकरीला. सासरी सासू, दीर आणि जांभ्याच्या चिऱ्यांनी बांधलेली, कठडा नसलेली विहीर. रिवाजाप्रमाणे पहिले बाळंतपण माहेरी झाले, तालुक्याच्या सरकारी रुग्णालयात. बाळंतपणात काही गुंतागुंत नव्हती आणि मुलाचे वजन चांगले होते. ही साधी माहिती महत्त्वाची अशासाठी की पुढे जे झाले त्याचे कारण शोधताना प्रत्येकाने काहीतरी वाईट घडले असलेच पाहिजे असे गृहीत धरले.

कोयतीचे चित्र दुसऱ्या दिवशी पुन्हा आले. मग मुलाला न्हाऊ घालताना, पायांवर घेऊन कढत पाणी ओतण्याच्या वेळी, तसेच दुसरे चित्र आले. तिने न्हाऊ घालण्याचे काम आईवर सोपवले. सवा महिन्यानंतर सासरी आल्यावर विहिरीची भर पडली. मूल कडेवर असताना ती परसदाराच्या उंबऱ्यापलीकडे जाईनाशी झाली. स्वयंपाकघरातला आडाळो, म्हणजे विळी, ती रात्री फडक्यात गुंडाळून माळ्यावर ठेवू लागली. मासे चिरण्याचे काम सासूने करावे म्हणून तिने वासाने मळमळते असे सांगितले. विचार आला की ती मनातल्या मनात एकशे आठ वेळा नामजप करी, मध्येच ते चित्र आले तर जप पुन्हा पहिल्यापासून सुरू करी. रात्री दोनदोनदा उठून ती सासूला जागे करीत असे आणि एकच प्रश्न विचारीत असे : “मी तेका काय करूचंय नाय मा?” (मी त्याला काही करणार नाही ना?) सासूला त्या प्रश्नाचा अर्थच लागत नसे. एकदा मात्र सुनेने, “माझ्या मनात काय काय येता,” असे म्हणायला सुरुवात केली, तेव्हा सासूने घाईने तिला थांबवले : “असा काय बोलू नको गो, वास्तू तथास्तु म्हणता.”

सासूचे हे वाक्य मला या प्रकरणाचा गाभा वाटते, आणि ते वाईट हेतूने उच्चारलेले नाही हे लगेच सांगायला हवे. घरात अभद्र बोलू नये, वास्तू तथास्तु म्हणते, हे आपल्यापैकी बहुतेकांनी लहानपणापासून ऐकले आहे. एरवी हा संकेत निरुपद्रवी असतो, माणसांच्या जिभेला थोडा आवर घालतो. पण ज्या मनात नको तो विचार येऊन बसला आहे, त्या मनाला हे वाक्य असे सांगते की विचार आणि घटना यांच्यामध्ये भिंत नाही. जे मनात आले ते घडायला निघाले आहे. रोझ शाफ्रान, डाना थॉर्डारसन आणि स्टॅन्ली रॅकमन या मानसशास्त्रज्ञांनी १९९६ मध्ये नेमक्या याच समजुतीची मोजणी करणारा अभ्यास प्रसिद्ध केला. विचार आणि कृती यांची गल्लत दोन रीतींनी होते असे त्यांनी दाखवले : एक, विचार केल्याने ती गोष्ट घडण्याची शक्यता वाढते असे वाटणे, दुसरी, वाईट विचार करणे हे वाईट कृत्य करण्याइतकेच पाप आहे असे वाटणे. या बाईला दोन्ही वाटत होते. पहिलीला घरातल्या शिकवणीचा आधार होता आणि दुसरीला तिच्या स्वतःच्या सदसद्विवेकाचा.

ही समजूत अडाणीपणाची खूण आहे असे कोणी समजू नये. पॉल रोझिन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या एका प्रयोगात अमेरिकेतील शिकलेल्या माणसांना साखरेच्या दोन बाटल्या दिल्या आणि साखर व सायनाइड अशा दोन चिठ्ठ्या त्यांनीच आपल्या हाताने बाटल्यांवर लावल्या. दोन्हींत साखरच आहे हे डोळ्यांनी पाहूनही सायनाइडची चिठ्ठी असलेल्या बाटलीतली साखर वापरायला त्यांचे मन घेईना. शब्द उच्चारला, चिठ्ठी लागली, चित्र मनात आले की वस्तू बदलते, ही भावना माणसाच्या मनात खोलवर आहे. शिक्षणाने ती झाकली जाते, जात नाही.

मग प्रश्न उरतो की असा विचार मुळात आला कुठून. याचे उत्तर विज्ञानाकडे आहे आणि ते ऐकून बहुतेक लोक अस्वस्थ होतात. रॅकमन आणि मूळचे श्रीलंकेचे असलेले पद्मल डी सिल्वा यांनी १९७८ मध्ये कोणताही मानसिक आजार नसलेल्या माणसांना विचारले की तुमच्या मनात नकोसे, घृणास्पद, हिंसक किंवा अश्लील विचार आपोआप येतात का. सुमारे ८० टक्के लोकांनी होय म्हटले. निरोगी माणसांचे असे विचार आणि रुग्णांचे विचार नुसत्या मजकुरावरून वेगळे ओळखणे तज्ज्ञांनाही सोपे गेले नाही. २०१४ मध्ये अॅडम रॅडोम्स्की आणि सहकाऱ्यांनी सहा खंडांतील १३ देशांच्या ७७७ विद्यार्थ्यांचा अभ्यास प्रसिद्ध केला. त्यांपैकी ९४ टक्क्यांनी मागच्या तीन महिन्यांत असा किमान एक विचार आल्याचे सांगितले. आणि ज्या अभ्यासाचा या प्रकरणाशी सर्वांत जवळचा संबंध आहे, तो निकोल फेअरब्रदर आणि शीला वुडी यांचा २००८ चा : नव्याने आई झालेल्या १०० बायकांपैकी सगळ्यांच्याच मनात मुलाला अपघाताने इजा होण्याचे विचार आले होते, आणि जवळपास निम्म्या बायकांच्या मनात आपण स्वतः मुद्दाम इजा करण्याचा नकोसा विचार येऊन गेला होता. निम्म्या बायका. म्हणजे बारशाला जमलेल्या, पाळण्याभोवती गाणे म्हणणाऱ्या बायकांपैकी कित्येकींना ते ठाऊक असणार, आणि त्यांपैकी एकीनेही ते दुसरीला सांगितलेले नसणार.

आपल्या भाषेत “मन चिंती ते वैरी न चिंती” अशी म्हण आहे. वैऱ्याच्याही मनात येणार नाही ते आपल्या मनात येते, ही गोष्ट आपल्या पूर्वजांना माहीत होती आणि त्यांनी ती दोषारोप न करता सांगून ठेवली आहे. मला खेद एवढाच वाटतो की बाळंतिणीच्या खोलीत ही म्हण कोणी उच्चारत नाही, तिथे फक्त तथास्तुची आठवण करून दिली जाते.

बहुतेक आयांच्या मनातून हा विचार आला तसा निघून जातो. काहींच्या बाबतीत तो आजार का होतो, याचे पॉल साल्कोव्हस्किस यांनी १९८५ मध्ये मांडलेले स्पष्टीकरण आजही उपचारांच्या मुळाशी आहे : विचार महत्त्वाचा नसतो, विचाराला दिलेला अर्थ महत्त्वाचा असतो. जी बाई म्हणते “काय भलतेच मनात आले” ती पुढच्या कामाला लागते. जी म्हणते “हे माझ्या मनात आले, म्हणजे मी तशी आहे, आणि आता मुलाला माझ्यापासून वाचवणे माझी जबाबदारी आहे” ती विचारावर पहारा बसवते. पहारा बसवला की विचार वाढतो. डॅनियल वेग्नर यांनी १९८७ मध्ये विद्यार्थ्यांना पाच मिनिटे पांढऱ्या अस्वलाचा विचार न करण्यास सांगितले, तेव्हा ते त्यांना जमले नाहीच, शिवाय नंतर मोकळीक मिळाल्यावर अस्वल अधिक वेळा मनात आले. या बाईचा जप, आडाळो लपवणे, विहीर टाळणे, रात्रीचा प्रश्न, हे सगळे त्या पहाऱ्याचेच भाग होते. प्रत्येक वेळी क्षणभर हायसे वाटे, आणि त्या हायसे वाटण्यातूनच मन शिकत गेले की जप केला म्हणून मूल वाचले. या आजाराला आपल्याकडे मंत्रचळ म्हणतात, डॉक्टर ओसीडी म्हणतात. पण मंत्रचळ म्हटले की लोकांना वारंवार हात धुणारी माणसे आठवतात, मुलाला हात लावायला घाबरणारी आई आठवत नाही.

घरच्यांना जे दिसत होते ते असे : सून मुलाला जवळ घेत नाही, दूध पाजले की लगेच दुसऱ्याच्या हाती देते, तिचे ओठ सतत हलतात, ती रात्री झोपत नाही. दहाव्या आठवड्यात सासूने ग्रामदेवतेच्या देवळात गुरवाकडून कौल लावला. देवाला गाऱ्हाणे घातले गेले, पाकळ्या लावल्या गेल्या, आणि निघालेल्या उत्तराचा अर्थ बाहेरचे काहीतरी आहे असा लावण्यात आला. अंगारा आणला, संध्याकाळची धुरी सुरू झाली. या विधींची टवाळी करण्याची मला इच्छा नाही. त्यांत सुनेला कोणी मारले नाही, उपाशी ठेवले नाही, उलट पहिल्यांदाच घराने मान्य केले की तिला काहीतरी होत आहे आणि ते तिने मुद्दाम केलेले नाही. परंतु “बाहेरचे” म्हटल्यावर “कोणी केले” हा प्रश्न आपोआप येतो, आणि तो भावकीतल्या एका विधवेवर जाऊन थांबला, जी बारशाला येऊन मुलाला पाहून गेली होती. एखाद्यावर करणीचा किंवा भुताळीपणाचा आळ घेऊन त्याचे जगणे कठीण करणे हा महाराष्ट्रात २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा आहे. इथे प्रकरण तिथपर्यंत गेले नाही, फक्त येणे-जाणे बंद झाले. सुनेची स्थिती मात्र आणखी बिघडली, कारण आता तिच्या विचाराला बाहेरून दुजोरा मिळाला होता : आपल्यात खरेच काहीतरी शिरले आहे.

तिसऱ्या महिन्यात आशाताई घरी आल्या. नवजात बाळासाठीच्या आशांच्या भेटी बेचाळिसाव्या दिवशी संपतात आणि पुढची ठरलेली भेट तिसऱ्या महिन्यात असते. या बाईच्या बाबतीत पहिल्या भेटी माहेरच्या आशांनी केल्या होत्या आणि ही भेट सासरच्या आशांची होती, त्यामुळे आधीची बाई कशी होती हे या ताईंना माहीत नव्हते. तरीही त्यांनी मुलाचे वजन करताना पाहिले की आई तराजूजवळ येत नाही. त्यांनी सासूला चहा करायला आत पाठवले आणि विचारले, “जेवतंस मा? झोप लागता मा?” उत्तर आले नाही. मग त्यांनी जे विचारले ते कोणत्याही छापील फॉर्मवर नव्हते : “बाळाक घेतलंस की काय भलतासलता मनात येता काय? खूप जणींच्या येता.” बाई रडू लागली आणि म्हणाली, “ताई, माका माझीच भिती वाटता.”

“खूप जणींच्या येता” या तीन शब्दांना मी औषधाइतकेच मोल देते. प्रसूतीनंतरच्या नैराश्याची चाचपणी करण्यासाठी जगभर वापरली जाणारी एडिंबरो प्रश्नावली १९८७ मध्ये तयार झाली. तिच्यात दहा प्रश्न आहेत, शेवटचा स्वतःला इजा करण्याच्या विचारांबद्दल आहे, मुलाबद्दलच्या अशा विचारांचा एकही नाही. म्हणजे प्रश्नावली तंतोतंत भरली तरी ही बाई तिच्यातून निसटली असती. असा विचार सर्वसामान्य आहे असे सांगून प्रश्न विचारला नाही, तर उत्तर मिळण्याची शक्यता जवळजवळ नसते.

आशाताईंनी तिला प्राथमिक आरोग्य केंद्रात नेले आणि तिथे प्रकरण आणखी एकदा चुकीच्या वळणावर गेले. तरुण डॉक्टर घाबरले. आई मुलाला मारण्याचे विचार बोलून दाखवते आहे एवढेच त्यांनी ऐकले, आणि सासूला बाजूला घेऊन सांगितले की मुलाला तिच्याजवळ एकटे ठेवू नका, रात्री वेगळे झोपवा. त्यांचा हेतू संरक्षणाचा होता. पण वास्तूने, कौलाने आणि आता डॉक्टरांनी, तिघांनीही तिला एकच गोष्ट सांगितली होती की तू धोकादायक आहेस. तिने दूध पाजणे बंद केले. कौल आणि केसपेपर यांच्यात आपण एरवी जे अंतर मानतो ते इथे उरले नाही. दोन्हींनी विचारालाच अर्धवट घडलेले कृत्य मानले.

डॉक्टरांची भीती निराधार नसते, हेही तितक्याच स्पष्टपणे लिहिले पाहिजे. दर हजार बाळंतपणांमागे एकदोन बायकांना प्रसूतीनंतरचा तीव्र मनोविकार, म्हणजे सायकोसिस होतो. तो बहुधा पहिल्या दोन आठवड्यांत झपाट्याने सुरू होतो आणि त्यात आई व मूल दोघांच्याही जिवाला खरा धोका असतो. अशा बाईला विचार नकोसा वाटत नाही. हे मूल आपले नाही, बदलले आहे, त्याच्यात सैतान आहे, किंवा त्याला मुक्त करणे हेच त्याच्या हिताचे आहे अशी तिची खात्री असते. आवाज ऐकू येतात, आज्ञा येतात, झोप लागत नाही आणि झोपेची गरजही वाटत नाही, बोलणे विस्कटते. ही तातडीची अवस्था आहे आणि त्याच दिवशी रुग्णालय गाठले पाहिजे. याउलट मंत्रचळात बाईला विचार आपलाच पण नकोसा वाटतो, ती त्याने हादरते, त्याच्याविरुद्ध उपाय करते, मुलापासून स्वतःला दूर ठेवते. अशा विचारांमुळे ती मुलाला इजा करते याला पुरावा नाही. दोन्हींच्या तोंडून निघणारे वाक्य कधीकधी सारखेच असते. म्हणून वाक्य ऐकून थांबता येत नाही, त्या वाक्याने तिचे काय होते हे विचारावे लागते.

जिल्हा रुग्णालयातील मानसोपचारतज्ज्ञांनी नेमके तेच विचारले. हा विचार तुमचा आहे की कोणी घालते? आल्यावर काय वाटते? मग तुम्ही काय करता? झोपायला मिळाले तर झोप लागते का? जीव द्यावासा वाटतो का? शेवटच्या प्रश्नाला तिने सांगितले की मुलाला वाचवण्यासाठी आपणच विहिरीत जावे असे दोनदा मनात आले होते. सगळ्या मुलाखतीतला खरा धोका हा होता, आणि मुलाच्या काळजीत इतके दिवस तो कोणाच्या ध्यानात आला नव्हता. मंत्रचळ आणि सोबतचे नैराश्य असे निदान झाले. घरचे सदैव सोबत असतील, पण पाळत ठेवण्यासाठी नव्हे, असे ठरले आणि मूल पहिल्याच दिवशी तिच्या मांडीवर परत देण्यात आले.

औषधांबद्दल थोडक्यात : सर्ट्रालिन दिले गेले, जे दुधातून अत्यल्प प्रमाणात उतरते आणि अंगावर पाजणाऱ्या आयांसाठी सर्वसाधारणपणे योग्य मानले जाते. मंत्रचळात अशी औषधे नैराश्यापेक्षा अनेकदा अधिक मात्रेत लागतात आणि पुरता परिणाम दिसायला आठ ते बारा आठवडे लागू शकतात, हे घरच्यांना आधीच सांगितले गेले, नाहीतर तिसऱ्या आठवड्यातच गोळ्या बंद झाल्या असत्या.

दुसरा उपचार अधिक कष्टाचा होता. भीतीला सामोरे जायचे आणि तिच्यावरचा उतारा करायचा नाही, ही पद्धत व्हिक्टर मायर यांनी १९६६ मध्ये लंडनमध्ये दोन रुग्णांवर वापरल्याचे प्रसिद्ध केले आणि पुढे ती या आजारावरचा मुख्य मानसोपचार ठरली. इथे ती स्वयंपाकघराच्या मापाने बेतली गेली. आधी विचार शब्दांत, मोठ्याने, डॉक्टरांच्या खोलीत. मग आडाळो माळ्यावरून खाली, नेहमीच्या जागी. मग मूल माजघरात असताना बांगडे चिरणे. मग मूल शेजारी पाटावर निजलेले असताना. मग न्हाऊ घालणे, आधी सासूच्या सोबत, नंतर एकटीने. मूल कडेवर घेऊन विहिरीपाशी जाण्याचा सराव मात्र करायला सांगितला नाही, कारण कठडा नसलेल्या विहिरीपासून मुलाला दूर ठेवणे हा आजार नाही; तो कठडा दिराने नंतर बांधून घेतला. जपाबद्दल तिला सर्वांत जास्त धास्ती होती की डॉक्टर देव सोडायला लावतील. त्यांनी संध्याकाळचा दिवा आणि स्तोत्र चालू ठेवायला सांगितले, फक्त विचार आल्यावर मोजून करायचा जप थांबवायला सांगितला. भक्ती आणि उतारा यांतला हा फरक तिला लगेच कळला.

सासूची भूमिका निर्णायक ठरली. रात्रीच्या प्रश्नाला “नाय गो, तू काय करूचंस नाय” हे प्रेमाचे उत्तरच आजाराला खतपाणी घालत होते, हे पटणे त्यांना कठीण गेले. पर्यायी उत्तर ठरवून दिले होते : “ह्यो प्रश्न आजाराचो आसा, तुझो नाय.” पहिले काही दिवस सून चिडली, रडली, दाराशी बसून राहिली. तीन आठवड्यांनी प्रश्न रात्री एकदाच येऊ लागला. मूल सात महिन्यांचे झाले तेव्हा विचार अधूनमधून येत होते, पण ती त्यांच्यासाठी हातातले काम थांबवत नव्हती. उपचारांतून एवढेच अपेक्षित असते. विचार कायमचे नाहीसे होतील असे आश्वासन कोणी देत असेल तर ते आजाराचीच मागणी पुरी करत आहे.

जिल्ह्याच्या ठिकाणी एसटीने जाऊन येण्यात पूर्ण दिवस मोडतो, त्यामुळे मधल्या काही भेटी फोनवर झाल्या. ऑक्टोबर २०२२ पासून टेलि-मानसची १४४१६ ही सरकारी मोफत सेवा चोवीस तास उपलब्ध आहे आणि तिथे मराठीत बोलता येते. अशा घरांच्या भिंतीवर, कॅलेंडरशेजारी, हा आकडा लिहिलेला असावा असे मला मनापासून वाटते.

भावकीतल्या त्या विधवेशी घराचे येणे-जाणे अद्याप सुरू झालेले नाही. आजाराचे निदान सुनेला निर्दोष ठरवून गेले, त्या विधवेला नाही, कारण तिच्यावर आळ आला होता हे कोणी उघड बोललेच नव्हते. आशाताईंनी हा विषय सासूपुढे एकदा काढला आहे.

दुसऱ्या मुलाचा विचार नवरा-बायको करीत आहेत. पुढच्या बाळंतपणानंतर आजार उलटू शकतो, हे त्यांना सांगितलेले आहे. ठरले आहे ते असे की गोळ्या परस्पर बंद करायच्या नाहीत, दिवस राहण्याआधीच मानसोपचारतज्ज्ञांना भेटायचे, माहेर आणि सासर या दोन्हीकडच्या आशाताईंना आधीचे सगळे सांगून ठेवायचे, आणि बाळंतपणानंतर दुसऱ्या आठवड्यात, बाई स्वतः काही बोलो न बोलो, तो प्रश्न दोघींपैकी जी जवळ असेल तिने विचारायचा.